सीव्हीटी गेला, आता साधा ऑटोमॅटिक गिअरबॉक्स बसवता येतो का? सोलापूरच्या गाडीवाल्यांचे नेहमीचे प्रश्न

सोलापुरात ऑटोमॅटिक गाड्या आता भरपूर झाल्यात, जुळे सोलापूर घ्या, होटगी रोड घ्या, कुठल्याबी सोसायटीच्या पार्किंगमध्ये चार-पाच दिसतातच. त्यातल्या जुन्या गाड्यांचे सीव्हीटी, म्हणजे पट्टा-पुलीवर चालणारे ऑटोमॅटिक गिअरबॉक्स, आता आवाज द्यायला लागलेत, आणि नवीन गिअरबॉक्सचं कोटेशन हातात पडलं की मालक आमच्याकडे येऊन एकच विचारतो, एवढे पैसे घालून परत सीव्हीटीच कशाला, त्यापेक्षा साधा टॉर्क कन्व्हर्टरवाला (इंजिनची ताकद तेलातून गिअरबॉक्सला देणारा भाग असलेला) ऑटोमॅटिक टाका की कायमचा. विचार चुकीचा नाहीये, पण अर्धाच आहे. आम्ही गिअरबॉक्सचंच काम करतो, त्यामुळं जे खरं आहे ते इथं सगळं लिहून ठेवतोय.

सीव्हीटी आणि साधा ऑटोमॅटिक, नेमका फरक काय ओ?

तुमच्या घरात अ‍ॅक्टिव्हा असेल तर सीव्हीटी तुम्ही रोज चालवताय. दोन पुली, मधे पट्टा, प्रत्येक पुलीच्या दोन तबकड्या जवळ-लांब होतात तसा पट्टा वर-खाली सरकतो आणि गिअर न बदलता स्पीड वाढत जातो. स्कूटरला पट्टा रबराचा असतो. कारमध्येही सुरुवात रबरानंच झाली, हॉलंडच्या हुब फान डोर्ने यांनी १९५८ ला डाफ कंपनीच्या छोट्या कारमध्ये असा गिअरबॉक्स आणला. पुढं त्यांच्याच कंपनीनं स्टीलचा पट्टा बनवला आणि तो १९८७ ला सुबारू जस्टी या गाडीत आला, आज आपल्या गाड्यांत तोच प्रकार आहे. हा पट्टा म्हणजे शेकडो पातळ स्टीलच्या चकत्या, दोन बाजूंनी पातळ रिंगांनी धरलेल्या, आणि गंमत अशी की तो ओढत नाही, ढकलतो. चकत्या एकमेकींना रेटतात आणि ताकद पुढं जाते.

हा पट्टा पुलीवरून घसरू नये म्हणून तेलाच्या प्रेशरनं पुली दाबून धरलेली असते. सगळा जीव त्या प्रेशरमध्ये आहे. प्रेशर कमी पडलं, पट्टा एकदा घसरला की पुलीच्या गुळगुळीत तोंडावर चरे पडतात, त्याचा बारीक चुरा तेलात मिसळतो, तो चुरा व्हॉल्व्ह बॉडीत, म्हणजे तेलाच्या वाटा ठरवणाऱ्या भागात, जाऊन सोलेनॉइड, म्हणजे तिथले विजेवर चालणारे व्हॉल्व्ह, अडकवतो, त्यानं प्रेशर अजून कमी होतं, पट्टा अजून घसरतो. एकदा हे चक्र सुरू झालं की थांबत नाही.

साध्या ऑटोमॅटिकमध्ये पट्टा नसतो. प्लॅनेटरी गिअरचे, म्हणजे मधल्या गिअरभोवती फिरणाऱ्या छोट्या गिअरचे, सेट असतात, आणि तेलाच्या प्रेशरनं क्लच प्लेटा आवळून-सोडून चार, पाच, सहा ठराविक गिअर मिळतात. त्यातबी झीज होते, पण प्लेटा झिजल्या तर प्लेटा बदलता येतात, सील किट मिळतं, आणि हे काम करणारे हात जास्त आहेत. लोकांना तो "टिकाऊ" वाटतो त्याचं खरं कारण हे.

एक लक्षात घ्या, आजकालच्या बहुतेक सीव्हीटीमध्येही पुढं टॉर्क कन्व्हर्टर असतोच, त्यामुळं "टॉर्क कन्व्हर्टर आहे म्हणजे सीव्हीटी नाही" असं समजू नका.

माझ्या गाडीत सीव्हीटीच आहे हे कसं कळणार?

२०१४ पासूनची पेट्रोल होंडा सिटी ऑटोमॅटिक, जॅझ, अमेझचा सीव्हीटी, निसान मायक्रा आणि सनीचा एक्सट्रॉनिक, रेनॉ स्काला, मारुती बलेनो २०१५ पासून २०२२ च्या मॉडेल बदलापर्यंत, तिचीच बहीण टोयोटा ग्लँझा, टोयोटा यारिस, मॅग्नाइट आणि कायगर टर्बो ऑटोमॅटिक, हे सगळे सीव्हीटी. ह्युंदाई क्रेटा आणि किया सेल्टॉसमध्ये जो आयव्हीटी म्हणतात तोबी सीव्हीटीच, फक्त त्यात चकत्यांच्या पट्ट्याऐवजी चेन आहे. मारुतीचा एजीएस म्हणजे एएमटी, तो मॅन्युअल गिअरबॉक्सच आहे, क्लच आणि गिअर दाबायला मशीन बसवलेलं. आणि हायब्रीड गाड्यांवर ई-सीव्हीटी लिहिलेलं असतं, टोयोटाच्या त्या प्रकारात पट्टा-पुली काहीच नाही, प्लॅनेटरी गिअर आणि दोन मोटारी आहेत. हायब्रीडवाल्यांनी हे पुढचं वाचायची गरज नाही, त्यांच्या गाडीत असली अदलाबदल होतच नाही.

गाडी ३० ते ५० च्या स्पीडला थरथरते, रेस वाढते पण गाडी पळत नाही. सीव्हीटी गेला म्हणायचा का?

थांबा. इथंच सगळ्यात जास्त पैसे वाया जातात.

थरथर इंजिन माउंटिंग तुटल्यावरही येते, एखादी कॉइल किंवा प्लग मिस करत असेल तरी येते. घूं घूं आवाज मागच्या व्हील बेअरिंगचाही असतो आणि लोक तो गिअरबॉक्सचा समजून बसतात. बॅटरी कमजोर, अर्थिंग ढिलं, तर गिअरबॉक्सचा कॉम्प्युटर उगाच फॉल्ट दाखवतो. म्हणून आधी हे सगळं बाजूला काढायचं.

मग तेल. किती आहे, कुठलं आहे, कसं दिसतंय. सीव्हीटीला साधं एटीएफ, म्हणजे साध्या ऑटोमॅटिकचं तेल, चालत नाही, निसानला एनएस-२ किंवा एनएस-३, नव्या होंडाला एचसीएफ-२, टोयोटाला एफई, असं प्रत्येकाचं वेगळं तेल आहे, कारण स्टीलवर स्टील घसरू न देणं हे त्या तेलाचं काम आहे. कोणीतरी साधं लाल तेल ओतून दिलेल्या गाड्या खरंच बघायला मिळतात, आणि अशा वेळी दोष गिअरबॉक्सचा नसतो. बऱ्याच गाड्यांना डिपस्टिक नसते, तेल ठराविक टेम्परेचरला असताना बोल्ट उघडून लेव्हल बघावी लागते, हे अंदाजानं होत नाही.

त्यानंतर ऑईल पॅन उतरवायचं. पॅनमधल्या मॅग्नेटवर राखेसारखा बारीक थर असणं नॉर्मल आहे. चमकणारे तुकडे, बोटाला टोचणारी कणी सापडली तर आत पट्टा नाहीतर बेअरिंग गेलंय.

मग स्कॅनर, आणि नुसता कोड वाचून पुसणारा स्कॅनर नको, लाइव्ह डेटा दाखवणारा पाहिजे. प्रायमरी (इंजिनकडच्या) आणि सेकंडरी (चाकांकडच्या) पुलीचं प्रेशर, तेलाचं टेम्परेचर, दोन्ही पुलींचे फेरे. पी०८६८, पी०७४६, पी०७७६ असे कोड प्रेशर आणि सोलेनॉइडचे असतात. असा कोड आला म्हणून पूर्ण गिअरबॉक्स बदला असं सांगणाऱ्याला विचारा, मोजलेलं प्रेशर किती आलं? उत्तर नसेल तर गाडी तिथून काढा. कित्येकदा व्हॉल्व्ह बॉडी बदलून आणि तिचा कॅलिब्रेशन डेटा कॉम्प्युटरमध्ये भरून काम होतं. हा डेटा भरायचा विसरले तर नवीन व्हॉल्व्ह बॉडी टाकूनही गाडी तशीच झटके देते आणि मग सगळे मिळून गिअरबॉक्सला शिव्या देतात.

आपल्या सोलापूरच्या उन्हानं सीव्हीटी लवकर जातो का?

ऊन एकटं मारत नाही, पण मदत करतं. एप्रिल-मेमध्ये पारा ४२-४३ वर, एसी फुल, पाच माणसं, डिकी भरलेली आणि पुणे हायवेला टेंभुर्णीपर्यंत एका दमात १२० ची लाइन. सीव्हीटीचं तेल तापलं की पातळ होतं, प्रेशर धरत नाही, कॉम्प्युटर मग स्वतःच ताकद कमी करतो, गाडी ८० च्या पुढं जाईना होते. पंधरा मिनिटं थांबलं की परत ठीक. हे लक्षण आलं तर ते तेल आणि कूलरचं बोलणं आहे, लगेच ऐका. दुसरी गोष्ट तुळजापूरचा घाट, आणि त्याहून जास्त म्हणजे हंगामात उसाच्या डबल ट्रॉलीमागं आणि आषाढीत पंढरपूर रोडला तासभर सरकत-सरकत जाणं, त्यात हवा लागत नाही आणि तेल शिजतं.

कंपनीच्या पुस्तकात तेल बदलायचं अंतर काही लिहिलेलं असो, आपल्याकडं ४० हजार किलोमीटरला बदलावं असं माझं ठाम मत आहे. "लाइफटाइम तेल" या शब्दावर विश्वास ठेवू नका. मशीन लावून फ्लश करू नका, खाली सोडून तेवढंच भरा, गरज वाटली तर थोडं चालवून परत एकदा. ज्या गाड्यांना जादा कूलर बसतो त्यांना तो बसवून घेणं हा या सगळ्या विषयातला सगळ्यात स्वस्त इलाज आहे.

बरं, सगळं तपासलं, सीव्हीटी खरंच गेलाय. आता साधा ऑटोमॅटिक बसतो का नाही ते सांगा.

बसतो, पण एकाच अटीवर. तुमच्याच कंपनीनं, तुमच्याच इंजिनला, तुमच्याच किंवा अगदी सख्ख्या मॉडेलमध्ये टॉर्क कन्व्हर्टरवाला ऑटोमॅटिक जगात कुठंतरी फॅक्टरीतून दिलेला असला पाहिजे. आणि त्या गाडीचा नुसता गिअरबॉक्स नव्हे, तिच्यातलं सगळं संबंधित सामान एकाच गाडीतून एकत्र मिळालं पाहिजे. या दोन्हीतलं एक जरी नसेल तर माझा सरळ सल्ला आहे, करू नका. गाडी महिनोन्महिने गॅरेजला पडून राहते, मेस्त्री फोन उचलायचा बंद होतो, आणि शेवटी ती गाडी ना सीव्हीटीची ना ऑटोमॅटिकची अशी भंगारात जाते.

मग कुठल्या गाड्यांत हे जमण्यासारखं आहे?

होंडा सिटीचं उदाहरण सगळ्यात जास्त विचारलं जातं. २००८ ते २०१३ च्या सिटीत दीड लिटर इंजिनला ५ स्पीड ऑटोमॅटिक होता, आणि २०१४ पासून सीव्हीटी आला. दोन्ही दीड लिटर, घराणं एकच, म्हणून लोक म्हणतात जुना काढून नव्यात टाका. पण जुन्या गाडीचं इंजिन एल१५ए, नव्याचं एल१५झेड, कॉम्प्युटर वेगळा, वायरिंग वेगळं, माउंटिंगची जागा मोजून बघावी लागते. नटबोल्ट जमले तरी पुढचं कॉम्प्युटरचं काम मोठं आहे.

बलेनो सीव्हीटीचं इंजिन के१२, आणि २०१२ च्या डिझायरमध्ये त्याच के१२ घराण्याच्या इंजिनला ४ स्पीड ऑटोमॅटिक होता. कागदावर ही जोडी बरी दिसते, पण बलेनोचा प्लॅटफॉर्म नवीन आणि डिझायर ऑटोमॅटिक विकल्याच कमी, त्यामुळं चांगला डोनर, म्हणजे सामान काढून घ्यायची गाडी, शोधणं हेच अवघड.

निसान सनीचं वेगळंच आहे. आपल्याकडं सनी दीड लिटरला ऑटोमॅटिक म्हणून सीव्हीटीच आला, आखातात मात्र त्याच दीड लिटर इंजिनला ४ स्पीड ऑटोमॅटिक विकला. म्हणजे फॅक्टरीची जोडी आहे, सामान दुबईकडं आहे. सोलापूरचे बरेच जण तिकडं कामाला आहेत त्यामुळं "भाऊला सांगून मागवतो" असं ऐकायला मिळतं, पण वापरलेला गिअरबॉक्स कस्टममधून आणणं, भाडं, आणि आल्यावर तो खराब निघाला तर कोणाला धरणार, हा हिशोब आधी करा.

क्रेटा-सेल्टॉससारख्या नव्या बीएस-६ गाड्यांना हातच लावू नका. त्यांचं सगळं नेटवर्क एकमेकांत इतकं गुंतलेलं आहे की बाहेरचा गिअरबॉक्स ते स्वीकारत नाही. शिवाय त्या अजून वॉरंटीच्या जवळपासच्या गाड्या आहेत.

गिअरबॉक्स सोडून अजून काय काय बदलतं?

इंजिनच्या मागं जी पातळ रिंगवाली प्लेट असते, फ्लेक्सप्लेट, ती. टॉर्क कन्व्हर्टर गिअरबॉक्सबरोबरचाच. दोन्ही ड्राइव्ह शाफ्ट, कारण डिफरन्शिअल, म्हणजे दोन्ही चाकांना ताकद वाटून देणारा भाग, गिअरबॉक्सच्या पोटातच असतं आणि शाफ्टचे दात आणि लांबी वेगळी येते. गिअरबॉक्सचं माउंटिंग आणि ब्रॅकेट. कूलर आणि त्याचे पाइप. गिअर लिव्हर, त्याची केबल, पी-आर-एन-डी ओळखणारा स्विच. स्टार्टर मोटर कधी कधी. स्पीड सेन्सर. पूर्ण वायरिंग हार्नेस, इंजिनचा कॉम्प्युटर, गिअरबॉक्सचा कॉम्प्युटर, आणि इमोबिलायझर, म्हणजे चावी ओळखल्याशिवाय इंजिन सुरू न होऊ देणारी यंत्रणा, कॉम्प्युटरशी बांधलेला असतो म्हणून चावी आणि तिचा बॉक्सबी. म्हणून मी म्हणतो, गिअरबॉक्स विकत घेऊ नका, शक्य असेल तर पूर्ण अपघाती गाडी बघा जिचा पुढचा भाग शाबूत आहे.

अक्कलकोट रोड एमआयडीसीत लेथवाले चांगले आहेत, ब्रॅकेट हवं तसं बनवून देतील. पण शाफ्ट वेल्ड करून लांब-आखूड करायला देऊ नका. तो हायवेला तुटला तर चाकाला ताकदच राहत नाही, आणि मागून ट्रक असतो.

मेकॅनिक म्हणतो वायरिंग जोडून घेऊ, कॉम्प्युटर जुनाच ठेवू. चालेल?

नाही चालणार. आणि हा मुद्दा नीट समजून घ्या कारण अर्धवट राहिलेल्या बहुतेक गाड्या इथंच अडकलेल्या असतात.

आजच्या गाडीत इंजिनचा कॉम्प्युटर, गिअरबॉक्सचा कॉम्प्युटर, एबीएस, मीटर हे सगळे कॅन नावाच्या दोन वायरींवर सतत बोलत असतात. सीव्हीटीचा कॉम्प्युटर पुलीचे फेरे आणि प्रेशर विचारतो. साध्या ऑटोमॅटिकमध्ये पुलीच नाही, मग उत्तर कुठून येणार? उत्तर नाही आलं की तो गाडी लिम्प मोडमध्ये टाकतो, म्हणजे ताकद कमी करून गाडी नुसती कशीबशी चालवतो. उलट साधा ऑटोमॅटिक गिअर बदलताना क्षणभर इंजिनला सांगतो की ताकद जरा कमी कर, म्हणजे झटका लागणार नाही. सीव्हीटीच्या इंजिन कॉम्प्युटरला ती भाषाच शिकवलेली नाही, मग प्रत्येक गिअरला धक्का बसतो आणि नवीन क्लच प्लेटा वर्ष-दीड वर्षात जळतात. मीटरवर कायम चेक लाइट, क्रूझ बंद, कधी कधी एबीएसचा दिवाबी. दिव्याची पिन काढून ठेवतो म्हणणाऱ्या माणसाला गाडी देऊ नका, हात जोडून सांगतो, त्या दिव्यावर तुमच्या घरच्यांचा जीव आहे.

वेगळा स्टँडअलोन कंट्रोलर लावून गिअरबॉक्स चालवता येतो, परदेशात रेसिंगवाले आणि जुन्या गाड्यांचे शौकीन करतात. त्याला ट्यूनिंग लागतं, तासन्‌तास रोडवर बसून प्रत्येक गिअरचं प्रेशर सेट करावं लागतं. रोज मुलांना शाळेत सोडायच्या गाडीसाठी तो मार्ग मी सुचवणार नाही.

आरटीओला सांगावं लागतं का? इन्शुरन्सचं काय?

मोटार वाहन कायदा १९८८ चं कलम ५२ म्हणतं की उत्पादकानं दिलेल्या मूळ तपशिलाशी आरसीवरचा तपशील जुळेनासा होईल असा बदल गाडीत करता येत नाही. सुप्रीम कोर्टानंबी जानेवारी २०१९ मध्ये हेच ठासून सांगितलं. आरसीवर इंजिन नंबर, चासी नंबर, इंधन, सीसी, रंग, सीट असतात, गिअरबॉक्सचा वेगळा रकाना नसतो, म्हणून बरेच जण म्हणतात काय होत नाही. पण स्वतःची आरसी काढून बघा, कित्येक गाड्यांच्या मॉडेलच्या नावातच सीव्हीटी छापलेलं असतं. अपघात झाला, सर्व्हेयर आला, नाव सीव्हीटीचं आणि खाली लिव्हर वेगळा, तर क्लेम अडकवायला त्याला एवढं कारण पुरतं.

म्हणून काम सुरू करायच्या आधी एमएच १३ च्या आपल्या आरटीओत अर्ज देऊन लेखी विचारा आणि इन्शुरन्स कंपनीला ईमेल करा. तोंडी "चालतंय की" याला काही किंमत नाही. उत्तर नकाराचं आलं तर बदल करू नका. ज्यांना डाव्या पायाचा त्रास आहे आणि त्यासाठीच ऑटोमॅटिक घेतली आहे त्यांनी तर कागद पक्के केल्याशिवाय गाडीला हात लावूच नये, कारण त्यांच्यासाठी गाडी उभी राहणं म्हणजे घरात अडकणं आहे.

त्यापेक्षा मॅन्युअल केली तर?

यांत्रिकदृष्ट्या हे सोपं आहे, कारण सिटी, बलेनो, सनी सगळ्या मॅन्युअलमध्ये भरपूर विकल्या गेल्या, सामान सहज मिळतं. तरी क्लच पेडल, हायड्रॉलिक लाइन, फ्लायव्हील, शाफ्ट, आणि मॅन्युअल गाडीचा कॉम्प्युटर हे लागतंच, आणि कागदाचा प्रश्न तोच राहतो. पण मी मालकाला आधी विचारतो, गाडी चालवतंय कोण? आईचे गुडघे दुखतात म्हणून ऑटोमॅटिक घेतली असेल तर मॅन्युअल करून तुम्ही आईची गाडी काढून घेताय.

एजीएस टाकता येईल का, मारुतीनंच बलेनोत टाकलाय की?

मारुतीनं २०२२ च्या बलेनोत टाकला, कारण गाडीच तशी बनवली. जुन्या गाडीत टाकायचा म्हणजे वर लिहिलेला सगळा व्याप, आणि हातात काय येणार तर एएमटी. नको.

अमेरिकेत निसाननं सीव्हीटीची वॉरंटी वाढवून दिली असं वाचलंय, आपल्याला मिळते का?

तिकडं २००३ ते २०१० च्या मॉडेलांना १० वर्षं किंवा १ लाख २० हजार मैल अशी वाढीव वॉरंटी दिली होती, पुढच्या काही मॉडेलांना कोर्टातल्या तडजोडीनंतर ८४ महिने किंवा ८४ हजार मैल. हे सगळं अमेरिकेतल्या गाड्यांचं आहे. आपण इथं आपली स्वतःची एक्स्टेंडेड वॉरंटी बघायची. ती चालू असेल तर बाहेर कोणालाही गिअरबॉक्सचा एक बोल्टबी खोलू देऊ नका. संपून थोडेच दिवस झाले असतील आणि सगळी सर्व्हिस कंपनीतच झाली असेल तर सगळी बिलं जोडून गुडविलसाठी, म्हणजे वॉरंटी नसताना कंपनीनं खुशीनं द्यायच्या मदतीसाठी, लेखी मागणी करा, मागितल्याशिवाय कोणी देत नाही.

खर्च किती येईल, एक आकडा सांगा.

एक आकडा सांगणारा माणूस तुम्हाला फसवतोय. नवीन सीव्हीटीचं बिल लाखाच्या घरात जातं हे खरं, पण अदलाबदलीत गिअरबॉक्सची किंमत ही नुसती सुरुवात असते. कागदावर असं मांडा, डोनर सामान आणि त्याचं भाडं, मजुरी, तेल, सील, माउंटिंग, लेथचं काम, कॉम्प्युटर आणि चावीचं कोडिंग, गाडी बंद असतानाचा रिक्षा-ओलाचा खर्च, आणि शेवटी गाडी विकताना कमी येणारे पैसे. ही बेरीज गाडीच्या आजच्या बाजारभावाच्या अर्ध्यावर गेली तर काम थांबवा. माझा अनुभव असा की बहुतेक वेळा चांगल्या हातानं रिपेअर केलेला सीव्हीटी, नाहीतर कमी चाललेल्या अपघाती गाडीचा त्याच नंबरचा सीव्हीटी, हाच शेवटी स्वस्त पडतो, आणि आरसी, इन्शुरन्स, कॉम्प्युटर कशालाच धक्का लागत नाही.

पण तो पण सीव्हीटीच ना, परत जाईल.

पहिला का गेला हे शोधलं नाही तर नक्की जाईल. कूलर तुंबलेला होता, तेल कधी बदललं नव्हतं, का चुकीचं तेल होतं? कारण काढलं, कूलर नवीन टाकला, ४० हजारला तेल बदललं तर तो नीट चालतो. शहरात आणि हायवेला शांत चालवणाऱ्या माणसाकडं दीड लाख किलोमीटर पार केलेले सीव्हीटी आहेत.

जुना गिअरबॉक्स घ्यायचा तर कुठून?

सोलापुरात मिळाला तर नशीब, नाहीतर पुणे, मुंबईचं कुर्ला, हैदराबाद. कुठूनही घ्या, गाडीवर असताना चालतानाचा व्हिडिओ, त्या गाडीच्या चासी नंबरची प्लेट, गिअरबॉक्सवरचा स्टिकर, आणि पक्कं बिल. चासी नंबर ऑनलाइन तपासून घ्या, चोरीच्या गाडीचं सामान निघालं तर गुन्हा विकणाऱ्याबरोबर घेणाऱ्यावरबी येऊ शकतो. तेल काढून बघायची परवानगी देत नसेल तर माघारी या.

बसवताना मी स्वतः काय बघू?

तीन गोष्टी बघा, बाकी मेस्त्रीवर सोडा. टॉर्क कन्व्हर्टर आत पूर्ण बसलाय का, कारण तो अर्धवट असताना बोल्ट आवळून गिअरबॉक्स ओढून घेतला तर आतला ऑईल पंप तिथंच फुटतो, चावी मारायच्या आधीच. दुसरं, जुना कूलर. जुन्या सीव्हीटीचा सगळा चुरा त्यात बसलेला असतो, धुवून भागत नाही, नवीन टाका. तिसरं, तेल त्या गिअरबॉक्सचंच, साध्या ऑटोमॅटिकमध्ये सीव्हीटीचं तेल ओतलं तर क्लच प्लेटा नीट धरत नाहीत.

बदलल्यावर अ‍ॅव्हरेज आणि चालवणं कसं वाटेल?

४ स्पीड टाकला तर १०० च्या स्पीडला इंजिन जास्त फिरेल आणि अ‍ॅव्हरेज कमी होईल, हे धरूनच चला. उलट घाटात आणि ओव्हरटेकला सीव्हीटीची ती रबर ताणल्यासारखी वाढणारी रेस बंद होईल, गिअर पडल्याचं कळेल, बऱ्याच जणांना ते आवडतं.

गाडी रस्त्यात बंद पडली, मोहोळपासून ओढून आणू का?

दोरी बांधून नाही. पुढची चाकं फिरली की गिअरबॉक्स आतून फिरतो आणि इंजिन बंद असल्यानं ऑईल पंप बंद असतो, कोरड्यात पट्टा आणि पुली घासत येतात. रिपेअर होण्यासारखा सीव्हीटी मोहोळ ते सोलापूर एवढ्या अंतरात भंगार होतो. फ्लॅटबेडच, म्हणजे पूर्ण गाडी वर चढवून नेणारा ट्रक, बोलवा, नाहीतर पुढची दोन्ही चाकं उचलून आणणारी क्रेन.

काढलेला जुना सीव्हीटी भंगारात देऊ का?

लगेच नको. त्याची व्हॉल्व्ह बॉडी, केसिंग, टॉर्क कन्व्हर्टर चांगले असतील तर रिपेअरवाले चांगल्या भावानं घेतात, भंगारवाला फक्त अ‍ॅल्युमिनियमचं वजन करतो. नवीन बसवलेला गिअरबॉक्स एक पूर्ण उन्हाळा काढेपर्यंत जुना कोपऱ्यात झाकून ठेवा, त्याचे पाइपचे तोंड प्लॅस्टिकनं बंद करून, आणि त्याच्याबरोबर जुना कॉम्प्युटर, वायरिंग आणि शाफ्टबी एका पोत्यात नाव लिहून. गाडी परत मूळ स्थितीत आणायची वेळ आली, आरटीओनं सांगितलं म्हणून किंवा गिऱ्हाइकानं मागितलं म्हणून, तर यातलं एकेक सामान वेगळं शोधायला महिना जातो. तेल मात्र गटारीत सोडू नका, जुनं ऑईल घेणारे एमआयडीसीत येतात, त्यांना कॅनमध्ये द्या.